शनिवार तेल्यांच्या कुळातला इंग्रजी कवी

बीड जिल्ह्यातल्या माणसाला विंचू समजावून सांगावा लागत नाही. म्हणून निस्सीम इझिकेल यांची विंचवाच्या रात्रीवरील कविता वाचताना आपल्याला शब्दकोशाची गरज फारशी पडत नाही. पावसाने घरात आलेला, तांदळाच्या पोत्याखाली दडलेला विंचू, आईला झालेला दंश, कंदील घेऊन धावून आलेले गावकरी, मांत्रिक, झाडपाला, आणि एरवी बुद्धिवादी असलेल्या बापाने अखेर दंशावर रॉकेल ओतून काडी लावणे ! १९६५ च्या ‘द एक्झॅक्ट नेम’ या संग्रहातली ही कविता इंग्रजीत आहे एवढेच. घर आपल्या ओळखीचे आहे. मग हा कवी कोण, हा प्रश्न परीक्षेपुरता सोडवून चालणार नाही.

इझिकेल हे बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले यहुदी. आख्यायिका अशी, की फार पूर्वी अलिबागजवळ नौगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटले, सात जोडपी वाचली व त्यांचा हा वंशविस्तार झाला. धंदा तेलाच्या घाण्याचा आणि शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणू लागले. आडनावे गावांवरून पडली : किहीमकर, राजपूरकर, नवगावकर. मातृभाषा मराठी. १९ व्या शतकात जोसेफ इझिकेल राजपूरकर यांनी हिब्रू प्रार्थना मराठीत आणल्या. त्याच शतकात या समाजात बायबलमधील पूर्वजांच्या कथांवर मराठी कीर्तनेही होऊ लागली. आपल्या जिल्ह्यात कीर्तनाचे वेड केवढे ! पण यहुदी आख्यान लावणारे कीर्तनकारही मराठीत होऊन गेले, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक असेल ?

निस्सीम यांचा जन्म मुंबईत डिसेंबर १९२४ चा. वडील विल्सन महाविद्यालयात वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक. आई स्वतः काढलेल्या शाळेची मुख्याध्यापिका. तरुणपणी ते मानवेंद्रनाथ रॉय यांच्या विचारांकडे ओढले गेले (आपले तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशीही त्याच वाटेने गेलेले). १९४८ साली इब्राहिम अल्काझी यांनी तिकिटाचे पैसे दिले आणि निस्सीम लंडनला गेले. तेथे तत्त्वज्ञानाचा अभ्यास आणि जोडीला दारिद्र्य. १९५२ साली पहिला संग्रह तेथेच निघाला. परतताना इंडोचायनाकडे शस्त्रे नेणाऱ्या मालवाहू जहाजावर डेक घासत हा कवी मायदेशी आला ! पुढे ‘क्वेस्ट’चे संपादन, मिठीबाई महाविद्यालयात व नंतर मुंबई विद्यापीठात अध्यापन, १९८३ चे साहित्य अकादमी पारितोषिक, हा तपशील कोणत्याही कोशात सापडेल.

मला महत्त्वाची वाटते ती निराळीच गोष्ट. १९४८ नंतर त्यांचे बहुतेक समाजबांधव इस्राएलला निघून गेले. तेथेही परकेपण सुटले नाही. १९६२ साली तेथील धर्मपीठाने त्यांच्या विवाहसंबंधांविषयी शंका काढली आणि १९६४ पर्यंत त्यांना झगडावे लागले. निस्सीम मुंबईतच राहिले. कॅथलिक शाळेत यहुदी म्हणून झालेला छळ त्यांनी कवितेत लपवला नाही, पण त्याच कवितेच्या शेवटी आपण जेथे आहोत तेथेच राहण्याचा निर्धारही बोलून दाखवला. नायपॉल यांनी भारतावर काळोखाचा शिक्का मारला तेव्हा त्याला उत्तर देणारा निबंध इझिकेल यांनी लिहिला. दोष त्यांनाही दिसत होते. मात्र ते घरातल्या माणसाला दिसावेत तसे.

तरी ते मराठीत लिहीत नव्हते, आणि ही उणीव आपल्याकडे अनेकांना खटकते. मोडक्या इंग्रजीत बोलणाऱ्या भारतीयांवरच्या त्यांच्या कविता म्हणजे टिंगल, असेही म्हटले जाते. त्यांतल्या एक-दोन ठिकाणी हसू स्वस्त झाले आहे, हे मलाही मान्य आहे. परंतु वृंदा नाबर यांच्यासह त्यांनी इंदिरा संतांच्या कवितांचा ‘स्नेकस्किन’ हा इंग्रजी अनुवाद केला, तो या टीकाकारांनी अवश्य पाहावा. इंदिराबाईंची कविता कमालीची अबोल आहे. तिच्यात जे सांगितलेले नसते तेच ऐकावे लागते. हे काम नुसत्या शब्दकोशावर होत नाही. इझिकेल यांचे ९ जानेवारी २००४ रोजी मुंबईत निधन झाले. अखेरची वर्षे स्मृतिभ्रंशाच्या विकाराने ग्रासलेली होती. आपल्या वर्गात विंचवाची कविता शिकवतात, तेव्हा या अनुवादाचा उल्लेख सहसा होत नाही. इंग्रजी आणि मराठी या दोन्ही विभागांनी मिळून एखादा तास त्यासाठी काढायला हरकत नसावी.