सेईजी ओगावा : मेंदूचे चित्र आणि आत्म्याचा प्रश्न

मेंदूची चित्रे घेणाऱ्या यंत्रात आत्मा दिसतो काय, असा प्रश्न भिवंडीच्या एका अभ्यासवर्गात विचारला गेला. त्याचे उत्तर सेईजी ओगावा यांच्या संशोधनात शोधावे लागते. १९३४ साली जपानमध्ये जन्मलेल्या ओगावांनी अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत तीन दशकांहून अधिक काळ कार्य केले. १९९० साली उंदरांच्या मेंदूच्या चुंबकीय चित्रांत त्यांना बारीक काळ्या रेषा आढळल्या. त्या रक्तवाहिन्या होत्या. उंदरास शुद्ध प्राणवायू देताच रेषा नाहीशा झाल्या! प्राणवायू गमावलेले हिमोग्लोबिन भोवतालच्या चुंबकीय क्षेत्रात किंचित विक्षोभ घडविते, हे त्याचे कारण. मेंदूचा जो भाग कार्यरत होतो तेथे रक्ताचा ओघ गरजेहून अधिक वाढतो आणि चित्र उजळते. १९९२ साली मिनेसोटातील सहकाऱ्यांसह त्यांनी हे मानवी मेंदूत दाखविले.

म्हणजे यंत्राला दिसते ते रक्त, विचार नव्हे. आत्मा तर नव्हेच. मात्र या चित्रांनी तथागतांचा अनात्मवाद ‘सिद्ध’ झाला, असे आपल्यापैकी काही लिहितात तेही घाईचे होय. बाबासाहेबांची बुद्धिवादाची कसोटी आपल्या दाव्यांनाही लागू आहे. शिवाय ही उजळण मेंदूच्या कार्यानंतर सुमारे पाच सेकंदांनी शिगेला पोहोचते. चित्ताचा तो क्षण तोवर सरलेला असतो.