नसलेल्या ग्रंथाचा इतिहास

जो ग्रंथ कोणीं कधीं लिहिलाच नाहीं, तो आपण वाचला आहे असें सांगणारे लोक असूं शकतील काय? प्रथमदर्शनीं हा प्रश्न हास्यास्पद वाटेल. परंतु 'नेक्रोनॉमिकॉन' नांवाच्या एका कल्पित पोथीच्या बाबतींत असें खरोखरच घडलें आहे. ही हकीकत मनोरंजक आहे, आणि तिच्यापासून घेण्यासारखा बोधहि मोठा आहे. म्हणून ती आमचे विद्यार्थी व त्यांचे पालक ह्यांच्यापुढें थोडक्यांत मांडीत आहों.

अमेरिकेंतील ऱ्होड आयलंड संस्थानांत प्रॉव्हिडन्स शहरीं इ. स. १८९० सालीं हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट हा लेखक जन्मला. ज्या ग्रंथाला आपण 'अरबी भाषेंतील सुरस व चमत्कारिक गोष्टी' म्हणून ओळखतों, त्याचें ह्या बालकास लहानपणीं इतकें वेड लागलें कीं, खेळतांना तो स्वतःस 'अब्दुल अल्हझ्रेद' असें म्हणवून घेई. मोठेपणीं तो भीतिदायक कथा लिहूं लागला, तेव्हां हेंच नांव त्यानें एका वेड्या अरब कवीस दिलें, व मृतांविषयींची भयंकर गूढ विद्या सांगणारी एक पोथी त्याच्या नांवावर घातली. ह्या पोथीचें नांव इ. स. १९२४ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका कथेंत प्रथम आलें. पोथी मात्र लव्हक्राफ्टनें कधींच लिहिली नाहीं. कोठें एक वाक्य, कोठें एक लहानसा उतारा, एवढेंच त्यानें दिलें.

इ. स. १९२७ सालीं त्यानें ह्या पोथीचा एक लटका इतिहास रचला. त्यांत तो म्हणतो कीं, मूळ ग्रंथ सुमारें ७३० सालीं दमास्कस येथें लिहिला गेला. ९५० सालीं त्याचें ग्रीक भाषांतर झालें. १०५० सालीं कॉन्स्टँटिनोपलचा धर्माध्यक्ष मायकेल ह्यानें तें जाळविलें. १२२८ सालीं ओलाउस वर्मिअस ह्यानें त्याचें लॅटिन केलें. आणि १२३२ सालीं पोप नववा ग्रेगरी ह्यानें त्यावर बंदी घातली. शिवाय ब्रिटिश म्यूझियमांत व हार्वर्ड येथील ग्रंथालयांत त्याच्या प्रती आहेत, असेंहि त्यानें लिहून ठेविलें.

येथें विचार करण्यासारखी गोष्ट ही कीं, ह्या माहितींत बरेंच खरें आहे. मायकेल नांवाचा धर्माध्यक्ष त्या काळीं खरोखरच होता. नववा ग्रेगरीहि १२३२ सालीं पोपपदावर होता. सांगितलेलीं ग्रंथालयें तर जगप्रसिद्ध आहेत. दहा खऱ्या गोष्टींच्या रांगेंत अकरावी खोटी उभी केली, म्हणजे ती सहसा ओळखूं येत नाहीं.

पण बारकाईनें पाहणाऱ्यास खोट सांपडते. ओलाउस वर्मिअस हा डेन्मार्कचा खरा विद्वान. परंतु त्याचा काळ इ. स. १५८८ ते १६५४. चारशें वर्षें आधीं तो भाषांतर कसें करील? तसेंच नांवाचें. 'अब्दुल' ह्याचा अर्थ 'चा दास', आणि त्यापुढें देवाचें एखादें नांव येतें. जसें अब्दुल रहमान, अब्दुल करीम. त्यांतील 'उल' हें अरबी 'अल्' हेंच उपपद होय. मग पुढें पुन्हां 'अल्' जोडून झालेलें 'अब्दुल अल्हझ्रेद' हें नांव अरबी व्याकरणांत बसतच नाहीं.

लव्हक्राफ्टचे क्लार्क ॲश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड वगैरे लेखकमित्रहि आपल्या कथांत ह्या पोथीचा उल्लेख करूं लागले, व त्यांनीं कल्पिलेल्या ग्रंथांचा उल्लेख तो करूं लागला. वाचकांस वाटलें, इतके जण सांगतात त्या अर्थीं ग्रंथ असलाच पाहिजे. परंतु तीन मुलांच्या वह्यांत एकच चुकीचें उत्तर आढळलें, तर तें बरोबर ठरत नाहीं. एकमेकांचें पाहून लिहिलें एवढेंच ठरतें.

मग लव्हक्राफ्ट लबाड होता काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. त्याचा स्वतःचा भुताखेतांवर मुळींच विश्वास नव्हता, आणि विचारणारांस तो पत्रोत्तरीं स्पष्ट कळवीत असे कीं, हा ग्रंथ केवळ माझ्या कल्पनेंतला आहे. कल्पित कथा सांगणें हें पाप नव्हे. आपल्या प्रभूनेंहि दाखले सांगितले; चांगल्या शोमरोन्याची उतारशाळा कोणत्या गांवीं होती, हें कोणी शोधीत बसत नाहीं. कल्पना ही कल्पना म्हणून पुढें ठेविली, तर ती मनाची करमणूक करते व शिक्षणहि देते. तीच सत्य म्हणून विकली, तर तें कपट होय.

तें कपट पुढें झालें. लव्हक्राफ्ट इ. स. १९३७ सालीं वारला. ग्रंथालयांच्या सूचींत ह्या पोथीचीं खोटीं कार्डें थट्टेखोरांनीं घुसडलीं. इ. स. १९७७ सालीं न्यूयॉर्क येथें 'सायमन' ह्या टोपणनांवानें 'नेक्रोनॉमिकॉन' छापून निघालें. त्यांत सुमेर व बाबेल येथील देवदेवतांचीं नांवें लव्हक्राफ्टच्या कल्पनांत मिसळलेलीं होतीं. इ. स. १९८० सालीं त्याची स्वस्त आवृत्ति निघाली. इंग्लंडांत इ. स. १९७८ सालीं असाच एक ग्रंथ निघाला. त्याची प्रस्तावना लिहिणारे कॉलिन विल्सन ह्यांनीं ती थट्टा होती हें पुढें स्वतःच उघड केलें. तरीहि अशा पुस्तकांतील मंत्र खरे मानून भिणारे, व ते म्हणून पाहणारे लोक निघालेच. ज्या भयाला मूळ लेखक स्वतः हंसत असे, त्या भयानें दुसऱ्यांची झोंप उडाली.

आपल्याकडेहि 'हें पत्र अमुक जणांस पाठवा, नाहींतर अनर्थ होईल' अशीं पत्रें घरोघर येत असत. आतां तशींच ती हातांतील यंत्रावर येतात. म्हणून, विद्यार्थ्यांनो, कोणताहि अद्भुत लेख पुढें आला, तर तीन प्रश्न विचारा. हें मूळ कोणीं लिहिलें? सांगणारे साक्षीदार एकमेकांपासून स्वतंत्र आहेत काय? आणि मी हें मानल्यानें कोणाचा खिसा भरतो? पालकांसहि आमची विनंति आहे कीं, मुलांनीं असे प्रश्न विचारले तर त्यांस उद्धट समजून गप्प करूं नये. पौल प्रेषितानें थेस्सलनीका येथील मंडळीस सर्व गोष्टी पारखून घेण्याचा जो उपदेश केला, तो श्रद्धावंतांसच केला होता. पारख केल्यानें श्रद्धा उणी होत नाहीं. उणें होतें तें केवळ भय.