अजिंक्यपदाचा सामना

डिसेंबर महिन्याचा पहिला शनिवार जवळ आला, की अमेरिकेतील विद्यापीठांच्या गावांत एकाच विषयाची चर्चा चाललेली असते. ऑगस्टअखेरीस सुरू झालेला फुटबॉलचा हंगाम आता संपत आलेला असतो. बहुतेक महाविद्यालयांचे खेळाडू आपला पोशाख आवरून ठेवतात. प्रत्येक परिषदेतील दोनच संघ मात्र अजून सराव करीत असतात, कारण त्यांना आणखी एक सामना खेळावयाचा असतो. त्या परिषदेचे अजिंक्यपद कोणाचे, हे त्या एका सामन्यावर ठरते. हा सामना कसा जन्माला आला, त्यात कोणाला प्रवेश मिळतो आणि तो इतका महत्त्वाचा का मानला जातो, हे समजून घेण्यासारखे आहे.

प्रथम एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात, तो आपल्याकडील पायाने चेंडू मारण्याचा खेळ नव्हे. त्यातील चेंडू लंबगोल असतो. तो हातात घेऊन पळावयाचा किंवा पुढच्या गड्याकडे फेकावयाचा असतो. दोन्ही बाजूंना अकरा-अकरा गडी असतात. मैदान १०० यार्ड लांब असून त्याच्या दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचा एकेक पट्टा असतो. चेंडू ज्या संघाकडे असेल त्याला चार प्रयत्नांत निदान १० यार्ड पुढे सरकावे लागते. न साधल्यास चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. चेंडू घेऊन प्रतिपक्षाच्या टोकाच्या पट्ट्यात शिरल्यास त्याला ‘टचडाउन’ म्हणतात व त्याचे ६ गुण मिळतात. त्यानंतर एक लाथ मारून आणखी १ गुण मिळविता येतो. तेवढे पुढे जाणे शक्य नसेल, तर दुरून लाथ मारून चेंडू उंच खांबांच्या मधून धाडला तरी ३ गुण पदरात पडतात. पंधरा मिनिटांचा एक, असे खेळाचे चार भाग असतात.

हा खेळ फार दमछाक करणारा आणि अंगावर आदळण्याचा आहे. त्यामुळे एक संघ सामान्यतः आठवड्यात एकच सामना खेळतो, आणि साऱ्या हंगामात त्याच्या वाट्याला नेमाने १२ सामने येतात. सामन्यांची ही मर्यादित संख्याच पुढच्या साऱ्या प्रश्नाचे मूळ आहे.

महाविद्यालयांमधील फुटबॉलचा पहिला सामना ६ नोव्हेंबर १८६९ रोजी न्यू ब्रन्सविक या गावी रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात झाला. पुढे खेळ पसरला, तसे वादही वाढले. खरोखरीचा विद्यार्थी कोण, बाहेरचा पैलवान गडी आणून खेळवावा की नाही, सामने कोणत्या नियमांनी व्हावेत, असे प्रश्न उभे राहिले. तेव्हा शेजारच्या विद्यापीठांनी एकत्र येऊन आपापसांत नियम ठरविले. अशा समूहाला तिकडे ‘कॉन्फरन्स’ म्हणतात. मराठीत त्याला परिषद म्हणता येईल. १८९६ साली सात विद्यापीठांनी स्थापन केलेली परिषद आज ‘बिग टेन’, म्हणजे ‘मोठे दहा’, या नावाने प्रसिद्ध आहे. नावात दहा असले तरी २०२४ साली तिच्या सभासदांची संख्या १८ झाली. दक्षिणेकडील तेरा विद्यापीठांनी १९३२ साली ‘साउथईस्टर्न’ परिषद स्थापन केली. प्रत्येक परिषदेचा स्वतःचा विजेता असतो, आणि हे विजेतेपद विद्यापीठे पिढ्यान्‌पिढ्या अभिमानाने मिरवितात.

विजेता ठरविण्याची सर्वांत सरळ रीत म्हणजे साखळी सामने. प्रत्येकाने प्रत्येकाशी खेळावे आणि ज्याचे विजय अधिक, तो श्रेष्ठ मानावा. सभासद आठ-दहा असतील तोवर ही रीत चालते. पण अठरा सभासद असतील तर प्रत्येकाला १७ सामने खेळावे लागतील, आणि हंगामात तर सारे मिळून १२ सामने! त्यातलेही काही परिषदेबाहेरील जुन्या प्रतिस्पर्ध्यांसाठी राखून ठेवलेले असतात. परिषदेच्या वाट्याला आठ किंवा नऊच उरतात. परिणामी दोन संघ साऱ्या हंगामात एकमेकांसमोर उभेच राहत नाहीत, आणि शेवटी दोघांचेही विजय सारखे भरतात. पूर्वी अशा वेळी दोघांना संयुक्त विजेते म्हणून मोकळे होत. पण त्यामुळे खरा श्रेष्ठ कोण, हा प्रश्न तसाच राही.

१९८७ साली महाविद्यालयीन खेळांच्या राष्ट्रीय संघटनेने एक नियम केला. ज्या परिषदेत बारा किंवा अधिक सभासद असतील, तिने त्यांचे दोन विभाग करावेत, प्रत्येक विभागात साखळी सामने खेळवावेत, आणि दोन विभागांच्या विजेत्यांमध्ये एक जादा सामना घ्यावा. हा सामना नेहमीच्या मर्यादेत मोजला जाणार नाही, असा त्याचा आशय होता. या नियमाचे मोल साउथईस्टर्न परिषदेचे प्रमुख रॉय क्रेमर यांनी ओळखले. आर्कान्सा आणि साउथ कॅरोलायना ही दोन विद्यापीठे येऊन मिळाल्यावर परिषदेचे सभासद बारा झाले, आणि १९९२ साली अजिंक्यपदाचा सामना घेण्याचे ठरले.

अनेक प्रशिक्षकांना ही कल्पना रुचली नाही. साऱ्या हंगामात अपराजित राहिलेल्या संघाला आणखी एका कठीण परीक्षेत का लोटावे? तो हरला तर राष्ट्रीय मानाची त्याची संधीही जाईल, असे त्यांचे म्हणणे होते. ही भीती निराधार नव्हती. पहिल्याच वर्षी अलाबामाचा संघ अकराच्या अकरा सामने जिंकून आला होता, आणि त्याच्यासमोर तीन सामने हरलेला फ्लॉरिडाचा संघ उभा होता.

५ डिसेंबर १९९२ रोजी बर्मिंगहॅम शहरातील लीजन फील्ड या मैदानावर ऐंशी हजारांहून अधिक प्रेक्षक जमले. अलाबामाने २१-७ अशी आघाडी घेतली. परंतु फ्लॉरिडाने चिकाटीने खेळून २१-२१ अशी बरोबरी साधली. खेळ संपावयास थोडी मिनिटे उरली असता फ्लॉरिडाच्या खेळाडूने पुढे फेकलेला चेंडू अलाबामाच्या अँटोनियो लँगमने मधेच झेलला आणि २७ यार्ड धावत जाऊन टचडाउन केले. अलाबामा २८-२१ असा विजयी झाला. पुढे १ जानेवारी १९९३ रोजी मायामीच्या संघाला ३४-१३ असे हरवून त्याने राष्ट्रीय विजेतेपदही मिळविले. तो एक चेंडू झेलला गेला नसता तर काय झाले असते, याची कल्पना करून अनेकांच्या अंगावर शहारे आले. पण सामना सर्वांना आवडला, आणि इतर परिषदांनीही हळूहळू ही प्रथा उचलली.

विभागांच्या पद्धतीतही एक उणीव होती. कधी कधी सबळ संघ एकाच विभागात गोळा होत आणि दुसऱ्या विभागातून दुबळा संघ अंतिम सामन्यात येई. २०१२ साली बिग टेन परिषदेच्या एका विभागातील पहिल्या दोन संघांना शिक्षा म्हणून प्रवेश नाकारलेला होता. म्हणून तिसऱ्या क्रमांकावरील विस्कॉन्सिनला संधी मिळाली, आणि त्याने नेब्रास्काला ७०-३१ असे हरवून अजिंक्यपद पटकाविले! शेवटी २०२२ साली विभागांची अट काढून टाकण्यात आली. त्यानंतर मोठ्या परिषदांनी विभाग मोडले, आणि गुणतक्त्यातील पहिल्या दोन संघांना अंतिम सामन्यात घेण्याची रीत पडली.

हा तक्ता करताना केवळ परिषदेतील सामने मोजतात. बाहेरच्या संघांशी झालेले सामने धरीत नाहीत. दोन संघांची बरोबरी झाली, तर त्या दोघांमधील सामना कोणी जिंकला हे प्रथम पाहतात. ते एकमेकांशी खेळलेच नसतील, तर दोघांनीही ज्यांच्याशी सामने दिले त्या समान प्रतिस्पर्ध्यांविरुद्धची कामगिरी ताडून पाहतात. अशा कसोट्या एकामागून एक लावून निर्णय होतो.

सामन्याची जागा दोन प्रकारे ठरते. मोठ्या परिषदा तटस्थ शहर निवडतात. साउथईस्टर्न परिषदेचा सामना १९९४ पासून अटलांटा येथे, तर बिग टेनचा २०११ पासून इंडियानापोलिस येथे होत आला आहे. बहुतेक लहान परिषदा मात्र वरच्या क्रमांकाच्या संघाला त्याच्या घरच्या मैदानावर खेळण्याचा मान देतात. सामना बरोबरीत सुटू देत नाहीत. वेळ संपूनही गुण समान राहिल्यास प्रत्येक संघाला प्रतिपक्षाच्या २५ यार्डांच्या रेषेपासून चढाईची एकेक संधी मिळते. २०२४ साली साउथईस्टर्न परिषदेच्या सामन्यात जॉर्जिया आणि टेक्सस यांचे गुण १६-१६ असे झाले होते. जादा खेळात टेक्ससने ३ गुण केले. जॉर्जियाने टचडाउन करून सामना २२-१९ असा जिंकला.

या सर्व नियमांचा प्रत्यय त्याच वर्षी अटलांटिक किनाऱ्याच्या परिषदेत आला. सतरा सभासदांच्या या परिषदेत डॅलसचे सदर्न मेथडिस्ट विद्यापीठ त्याच वर्षी नव्याने आले होते, आणि त्याने परिषदेतील आठही सामने जिंकले होते. दुसऱ्या जागेसाठी क्लेमसन आणि मायामी यांच्यात चुरस होती. ३० नोव्हेंबर रोजी क्लेमसन साउथ कॅरोलायनाकडून १७-१४ असा हरला. परंतु तो सामना परिषदेबाहेरचा होता. त्याच दिवशी मायामी सिरॅक्यूजकडून ४२-३८ असा हरला, आणि हा सामना परिषदेतील होता. एकूण हंगाम पाहता मायामीचे १० विजय होते व क्लेमसनचे ९. तरीही अंतिम सामन्यात प्रवेश मिळाला तो क्लेमसनला.

७ डिसेंबर रोजी शार्लट शहरात हा सामना झाला. शेवटच्या भागाच्या प्रारंभी क्लेमसन ३१-१४ असा पुढे होता. सदर्न मेथडिस्टच्या मुलांनी धीर सोडला नाही. एकेक करीत सतरा गुणांची दरी त्यांनी भरून काढली, आणि अवघे १६ सेकंद उरले असता ३१-३१ अशी बरोबरी केली. आता जादा खेळ होणार असे सर्वांना वाटले. पण त्या सोळा सेकंदांत क्लेमसनने चेंडू पुढे नेला, आणि नोलन हाउझर या महाविद्यालयात नुकत्याच आलेल्या खेळाडूने ५६ यार्डांवरून मारलेली लाथ खांबांच्या मधून गेली. क्लेमसन ३४-३१ असा जिंकला.

त्या एका लाथेचे परिणाम दूरवर पोहोचले. २०२४ पासून राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या बाद सामन्यांत बारा संघ घेऊ लागले होते, आणि त्यांत पाच सर्वोच्च क्रमांकाच्या परिषदविजेत्यांना जागा निश्चित होती. तीन सामने हरलेल्या क्लेमसनला दुसऱ्या मार्गाने तेथे प्रवेश मिळणे कठीण होते. सदर्न मेथडिस्टला हरूनही निवड समितीने अकरावे स्थान दिले, आणि क्लेमसन बारावा आला. ज्याची जागा त्यामुळे गेली तो संघ मात्र शार्लटच्या मैदानावर नव्हताच. तो होता अलाबामाचा.

हा सामना न्याय्य आहे काय? याचे उत्तर सोपे नाही. २०१४ साली ‘बिग ट्वेल्व्ह’ परिषदेत दहाच सभासद होते. प्रत्येकाने प्रत्येकाशी सामना दिला होता. याहून सरळ कसोटी कोणती असणार? तरीही बेलर आणि टेक्सस ख्रिश्चन या दोघांचे विजय समान भरले. बेलरने टेक्सस ख्रिश्चनला ६१-५८ असे हरविले असतानाही परिषदेने दोघांना संयुक्त विजेते ठरविले. बारांपेक्षा कमी सभासद असल्यामुळे अंतिम सामना घेण्याची तिला मुभा नव्हती. त्या वर्षी राष्ट्रीय बाद सामन्यांत चारच जागा होत्या. ओहायो स्टेटने बिग टेनच्या अंतिम सामन्यात विस्कॉन्सिनला ५९-० असे नमवून चौथी जागा मिळविली व पुढे राष्ट्रीय विजेतेपदही जिंकले. बेलर आणि टेक्सस ख्रिश्चन दोघेही बाहेर राहिले. २०१६ साली नियम बदलला, आणि २०१७ पासून बिग ट्वेल्व्ह परिषदेनेही पुन्हा अंतिम सामना सुरू केला.

यावरून असे दिसते, की तीन महिन्यांची कमाई एका दिवसाच्या पारड्यात घालणे काहीसे कठोर आहे. अपराजित संघ त्या दिवशी हरतो, आणि मागून आलेला संघ विजेता ठरतो. परंतु जे दोन संघ कधी समोरासमोर आलेच नाहीत, त्यांच्यातील श्रेष्ठ कोण हे कागदावरील बेरजांवरून ठरविण्यापेक्षा मैदानावर ठरावे, ही इच्छा खेळाडूंना आणि प्रेक्षकांना स्वाभाविकच वाटते. हा जादा सामना त्याच इच्छेतून निर्माण झाला. त्याचे नियम वेळोवेळी बदलले, आणि पुढेही बदलतील. पण डिसेंबरच्या त्या शनिवारी मैदानात उतरणाऱ्या बावीस गड्यांना त्याची चिंता नसते. मागचे सारे विजय त्यांना तेथवर आणून सोडतात. तेथून पुढे शेवटचा सेकंद संपेपर्यंत त्यांना नव्यानेच खेळावे लागते.