बारामती–इंदापूर परिसरातील ग्रामजीवन

पुणे जिल्ह्याच्या आग्नेय भागात भीमा व नीरा या नद्यांदरम्यान बारामती व इंदापूर हे तालुके वसले आहेत. नीरा नरसिंहपूर येथे या नद्यांचा संगम होतो. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतील या प्रदेशात पाऊस कमी व अनिश्चित असल्याने येथील ग्रामजीवनाचा इतिहास हा मुख्यतः पाण्याचा व कर्जाचा इतिहास आहे.

जुने गाव पांढरी (वस्तीची जागा) व काळी (शेतजमीन) असे विभागलेले असे. मातीच्या भिंतींची धाब्याची घरे, वेस, चावडी व मारुतीचे देऊळ ही गावठाणाची ठळक अंगे होत. पाटील व कुलकर्णी कारभार पाहत. सुतार, लोहार, कुंभार, चांभार, न्हावी, परीट, महार, मांग इ. बलुतेदारांना सुगीत खळ्यावरच धान्याचा वाटा मिळे. मात्र महार-मांगांची वस्ती गावकुसाबाहेर असे व पाणवठाही वेगळा असे. स्त्रियांचा दिवस पहाटे जात्यावर सुरू होई. पुरुष मोट, नांगरट व गुरे यांत गुंतलेले असत. रबी ज्वारीची भाकरी हे मुख्य अन्न, तर कडबा हा जनावरांचा आधार होय.

इंग्रजी अमलात प्रिंगलने ठरविलेला सारा इतका जड झाला, की इंदापूर तालुक्यात जमिनी पडीक पडून शेतकरी गाव सोडू लागले. तेव्हा गोल्डस्मिड व विंगेट यांनी १८३६ मध्ये येथेच जमिनीच्या प्रतवारीवर आधारलेली तीस वर्षांची नवी आकारणी केली. पुढे मुंबई इलाख्यात हीच पद्धत रूढ झाली. मुदतीनंतर वाढलेला सारा व अमेरिकन यादवी युद्ध संपल्यावर कोसळलेले कापसाचे भाव यांमुळे शेतकरी सावकारांच्या कचाट्यात सापडले. १२ मे १८७५ रोजी, बाजाराच्या दिवशी, सुपे येथे (त्यावेळी भीमथडी तालुका) जमावाने सावकारांच्या घरांवर व दुकानांवर हल्ला केला. इतर गावांतही पसरलेल्या या उठावाचा रोख मुख्यतः कर्जखते नष्ट करण्यावर होता. त्यातूनच १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला.

नीरा डाव्या कालव्याने (सु. १८८५) गावांचे भाग्य विभागले. कालव्याच्या पट्ट्यात सासवडकडील माळी शेतकऱ्यांनी खंडाने जमिनी घेऊन ऊस वाढविला; १९३० नंतरच्या दशकात वालचंदनगर येथे साखर कारखाना उभा राहिला व स्वातंत्र्योत्तर काळात सहकारी कारखाने निघाले. कालव्यापासून दूर असलेला सुप्याकडील भाग मात्र जिराईतच राहिला. तेथे १९७२ च्या दुष्काळात अनेक कुटुंबांना सरकारी कामांवर खडी फोडावी लागली. उजनी धरणाच्या (१९८०) जलाशयात भीमाकाठची पळसदेवसारखी गावठाणे बुडाली. पाणी ओसरल्यावर पळसदेवचे जुने देऊळ उघडे पडते. उरलेल्या काठावर उपसा सिंचन व मासेमारी वाढली.

मोट व बलुते आता इतिहासजमा झाली असून कुलकर्ण्याच्या जागी तलाठी आला आहे. आठवडे बाजार, ग्रामदैवताची जत्रा व आषाढी वारी मात्र टिकून आहेत. तुकाराममहाराजांची पालखी याच वाटेने पंढरपूरला जाते व बेलवडी येथे गोल रिंगण होते. वारकऱ्यांसाठी भाकरी-पिठले करण्यात बागाईत व जिराईत असा भेद उरत नाही. पाण्याच्या वाटपात तो अद्याप मिटलेला नाही.