कंत्राटदार कोर्टात गेला, मग रस्त्याचं काम थांबलंच का?

पिरनवाडीसारख्या गावात रस्ता खोदून पडला, कंत्राट रद्द झालं आणि कंत्राटदार कोर्टात गेला, की लोक हात टेकतात. कार्यालयात उत्तर ठरलेलं : ‘केस चालू आहे.’ पण केस म्हणजे स्थगिती नव्हे.

काम निकृष्ट होतं का, बिल किती थकलं, ही भांडणं बहुतेक वेळा लवादाकडे किंवा दिवाणी कोर्टात जातात. हायकोर्ट, म्हणजे आपल्याकडे धारवाड खंडपीठ, मुख्यतः पाहतं ते हे : रद्द करताना कारण दिलं का, समोरच्याचं ऐकलं का?

मुंबईत एमएमआरडीएने ३ जानेवारी २०२५ च्या नोटिशीने मेट्रोच्या सल्लागार ‘सिस्ट्रा’चं कंत्राट थांबवलं. कारण न देता थांबवण्याची मुभा करारात होती. तरीही २५ फेब्रुवारीला मुंबई हायकोर्टाने नोटीस रद्द केली. सरकारी संस्थेला मनमानी चालत नाही, कंपनीचं ऐकून नव्याने निर्णय घ्या, असं बजावलं. काम कायमचं बहाल केलं नाही, हे महत्त्वाचं.

रस्ते, पूल, पाणी, सांडपाण्याच्या कामांना तर वेगळं संरक्षण आहे. विशिष्ट अनुतोष कायद्यात २०१८ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम २०-अ नुसार, अशा कामाला विलंब होईल असा मनाई हुकूम दिवाणी दाव्यात देता येत नाही.

त्यामुळे स्थगिती नसेल, तर झालेल्या कामाचं मोजमाप करून उरलेल्याची नवी निविदा काढता येते. नगरपंचायतीत विचारायचं ते एवढंच : स्थगितीचा आदेश आहे का, कोणत्या तारखेचा? माहिती अधिकारात त्याची प्रत मागता येते. कागद कन्नडमध्ये मिळतील, ती आपली नेहमीची डोकेदुखी.