बोलीचे हसे आणि बोलीतले हसू

पडद्यावरचे पात्र तोंड उघडते आणि त्याने काही गमतीचे बोलण्यापूर्वीच प्रेक्षागृहात हशा पिकतो. हसू येते ते केवळ त्याच्या हेलाचे. ‘पडोसन’ (१९६८) या हिंदी चित्रपटात मेहमूद यांनी रंगविलेला दाक्षिणात्य संगीतशिक्षक आपणही डोक्यावर घेतला. पुढे हिंदी चित्रपटांनी मराठी माणसाला हवालदार वा मोलकरीण करून असेच हसे केले, तेव्हा मात्र आपल्याला राग आला. तो रास्तच होता. परंतु मराठी चित्रपट आपल्याच बोलींशी याहून निराळा वागला काय?

मराठी चित्रपट वाढला तो कोल्हापूर, पुणे आणि मुंबई येथे. साहजिकच ‘ग्रामीण’ म्हणून पडद्यावर रूढ झालेली भाषा बहुधा दक्षिण महाराष्ट्राच्या वळणाची होती. हिंगोलीची भाषा वेगळी. हा प्रदेश १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता. कचेरीत आणि शाळेत उर्दू, शेजार वऱ्हाडाचा. म्हणून येथला माणूस ‘मी जायलो’ म्हणतो, ‘परत’ न येता ‘वापस’ येतो, आजारी न पडता ‘बिमार’ पडतो. ही अशुद्धता नव्हे. हा या भूमीचा इतिहास होय.

विनोदाने बोलीला स्पर्शच करू नये, असे कोणी म्हणणार नाही. प्रा. लक्ष्मण देशपांडे यांच्या ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या एकपात्री प्रयोगाने मराठवाडी बोलीतून महाराष्ट्राला पोटभर हसविले. तेथे हसू येते ते माणसांच्या हौसेचे, रुसव्याफुगव्यांचे, निघण्याच्या धांदलीचे. मकरंद अनासपुरे यांनी ‘गल्लीत गोंधळ, दिल्लीत मुजरा’ (२००९) सारख्या चित्रपटांत आपला मराठवाडी हेल न सोडता नायकाची जागा घेतली, हेही लक्षणीय आहे.

हा प्रश्न करमणुकीपुरता नाही. कळमनुरी वा सेनगावचा विद्यार्थी पुण्याच्या महाविद्यालयात प्रथम उभा राहतो, तेव्हा पडद्याने शिकविलेला तोच हशा त्याच्या वाट्याला येतो. पुढे उत्तर येत असूनही तो गप्प बसतो. मुलाखतीत नोकरी हुकते ती पुष्कळदा या गप्प बसण्याने.

प्रमाणभाषा शिकविलीच पाहिजे. परीक्षेत आणि कचेरीत तिच्यावाचून चालत नाही. मात्र घरची भाषा चुकीची आहे म्हणून नव्हे, तर आणखी एक भाषा म्हणून ती शिकवावी. वर्गात कोणी ‘जायलो’ म्हणाला आणि मुले हसली, तर त्या क्षणी शिक्षकाने कोणाला थांबवावयाचे, हे त्याने आधीच ठरविलेले बरे.