यलोस्टोनचा पूर: पावसाला बर्फाची जोड

अमेरिकेतलं यलोस्टोन राष्ट्रीय उद्यान म्हटलं की गरम पाण्याचे कारंजे आठवतात. मला मात्र आता आधी आठवतो जून २०२२ चा पूर. डोंगरमाथ्यावर अजून भरपूर बर्फ होता आणि त्यावर उबदार, जोरदार पाऊस कोसळला. पाऊस आणि वितळलेला बर्फ असं दोन्ही पाणी एकदमच नदीत उतरलं. कॉर्विन स्प्रिंग्जजवळ यलोस्टोन नदी जवळपास १३.९ फुटांवर गेली. आधीचा उच्चांक होता ११.५ फूट, तोही १९१८ सालचा!

१३ जूनला उद्यानाची पाचही प्रवेशद्वारं बंद झाली, दहा हजारांहून जास्त पर्यटकांना बाहेर काढलं. गार्डिनर गावाहून उद्यानातल्या मॅमथला जाणारा रस्ता तर घळीत ठिकठिकाणी अख्खा वाहून गेला. उद्यानाच्या कर्मचाऱ्यांचं एक घर काठ खचल्यामुळे नदीत कोसळलं. उद्यानाबाहेरच्या रेड लॉज गावात रॉक क्रीक या ओढ्याचं पाणी वस्तीत घुसलं.

गार्डिनरचं पोट पर्यटकांवर, आणि हे सगळं ऐन हंगामात. त्या गावासाठी जीव फार तुटला. शेवटी वाहून गेलेल्या रस्त्याऐवजी घोडागाड्यांच्या काळातली डोंगरावरची जुनी वाट रुंद करून, डांबर टाकून ऑक्टोबरअखेर गाड्यांसाठी खुली केली.